भरतीची वाट: अमेरिकी खेळांतले लॅटिनो खेळाडू

अमेरिकेत १५ सप्टेंबर ते १५ ऑक्टोबर हा महिना हिस्पॅनिक वारशाचा म्हणून पाळला जातो. त्या दिवसांत लॅटिनो खेळाडूंच्या याद्या जिकडेतिकडे छापून येतात: रॉबर्टो क्लेमेंटे, फर्नांडो व्हॅलेन्झुएला, नॅन्सी लोपेझ, ऑस्कर दे ला होया, मारियानो रिव्हेरा. यादीतलं प्रत्येक नाव मोठं आहे, पण नावं एकाखाली एक लिहिल्यानं एका साध्या प्रश्नाचं उत्तर मिळत नाही. २०२० च्या जनगणनेत अमेरिकेतली लॅटिनो लोकसंख्या ६ कोटी २१ लाख, म्हणजे एकूण लोकसंख्येच्या जवळजवळ १९ टक्के भरली. मेजर लीग बेसबॉलमध्ये हंगामाच्या पहिल्या दिवशी संघांत असलेले सुमारे २८ टक्के खेळाडू परदेशात जन्मलेले असतात, आणि त्यांतले बहुसंख्य डोमिनिकन रिपब्लिक, व्हेनेझुएला, क्यूबा इथले. अमेरिकन फुटबॉल आणि बास्केटबॉलमध्ये मात्र, खुद्द अमेरिकेत जन्मलेल्या लॅटिनोंची संख्या एवढी मोठी असूनही, ते फार थोडे दिसतात. एका खेळात एवढी गर्दी आणि दुसऱ्यात एवढी वाण कशी? रक्तातच बेसबॉल आहे, संस्कृतीच तशी आहे, ही नेहमीची उत्तरं मला पटत नाहीत. कोणत्या खेळानं माणसं कुठून, कितव्या वर्षी, किती पैशांत आणि कोणती अट घालून घेतली, यावर हा इतिहास घडला आहे. लॅटिनो खेळाडूंचं योगदानही धावा आणि पदकांपुरतं नाही. त्यांनी या अटी उघड्या पाडल्या आणि त्यांतल्या काही बदलायला लावल्या.

सुरुवात क्यूबापासून करावी लागते. बेसबॉल अमेरिकी सैनिकांनी किंवा मिशनऱ्यांनी कॅरिबियनमध्ये नेला, असा समज आहे. प्रत्यक्षात अमेरिकेत शिकायला गेलेल्या क्यूबन तरुणांनी तो १८६० च्या दशकात घरी आणला. त्यांच्यातलाच एस्तेबान बेयान न्यूयॉर्कच्या आजच्या फोर्डहॅम विद्यापीठात शिकला, १८७१ मध्ये ट्रॉय हेमेकर्स या व्यावसायिक संघाकडून खेळला आणि परत जाऊन १८७४ मध्ये मातान्सासच्या पाल्मार दे हुंको मैदानावरच्या प्रसिद्ध सामन्यात उतरला. क्यूबात तेव्हा स्पॅनिश राजवट होती. बैलझुंज हा सत्ताधाऱ्यांचा खेळ, तर बेसबॉल स्वातंत्र्य मागणाऱ्या तरुणांचा, अशी वाटणी झाली होती आणि स्पॅनिश अधिकाऱ्यांना या नव्या खेळाचा संशय यायचा. १८६८ ते १८७८ च्या युद्धात देश सोडून गेलेल्या क्यूबनांनीच तो डोमिनिकन रिपब्लिकमध्ये रुजवला. म्हणजे अमेरिकी संघांचे दलाल या बेटांवर उतरले तेव्हा तिथे तयार खेळाडू, तयार मैदानं आणि स्वतःची लीग होती. लॅटिनो खेळाडू उशिरा आलेला पाहुणा आहे, हे चित्र मुळातच चुकीचं आहे.

पण दारावर वर्णाची तपासणी होती. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस मेजर लीगनं कृष्णवर्णीय खेळाडूंना बाहेर ठेवण्याचा अलिखित नियम पक्का केला. कोलंबियात जन्मलेला लुइस कास्त्रो १९०२ मध्ये फिलाडेल्फियाकडून खेळून गेला. १९११ मध्ये सिनसिनाटी रेड्सनं राफाएल आल्मेइदा आणि आर्मांदो मार्सान्स या दोन क्यूबनांना घेतलं, तेव्हा संघानं आधी क्यूबातून त्यांच्या वंशाची खातरजमा करून घेतली. दोघेही शुद्ध स्पॅनिश रक्ताचे आहेत असं वर्तमानपत्रांतून जाहीर झालं आणि मगच ते मैदानात दिसले. या तपासणीचा अर्थ दोन पिचरांच्या आयुष्यांत दिसतो. १९०८ च्या हिवाळ्यात हेच सिनसिनाटी रेड्स हवानाला खेळायला गेले होते. होसे मेंदेस नावाच्या तरुण पिचरनं त्यांना संपूर्ण सामन्यात एकच हिट मिळू दिला आणि एकही धाव दिली नाही. मेंदेस काळा होता, त्यामुळे त्यानं हरवलेल्या संघाचं दार त्याच्यासाठी कधीच उघडलं नाही. पुढे त्याच संघात त्याचाच देशबंधू डॉल्फ लुके आला. गोरा वर्ण आणि निळे डोळे असलेल्या लुकेनं १९२३ च्या हंगामात २७ सामने जिंकून दिले. मेंदेस कृष्णवर्णीयांच्या नीग्रो लीगमध्ये खेळला, १९२८ मध्ये वारला, आणि बेसबॉलच्या हॉल ऑफ फेमला त्याची आठवण २००६ मध्ये झाली. मार्तीन दिहिगो तर पिचिंग, बॅटिंग आणि मैदानातली जवळजवळ प्रत्येक जागा सांभाळणारा खेळाडू. मेजर लीगमध्ये तो एकही सामना खेळू शकला नाही.

जॅकी रॉबिन्सन १९४७ मध्ये ब्रुकलिनकडून उतरला तेव्हा वर्णभेद मोडला, असं शाळेच्या पुस्तकांत असतं. रॉबिन्सनचं धैर्य निर्विवाद आहे. पण त्याच्या आधीची पस्तीसेक वर्षं क्लबांचे मालक क्यूबन माणसांच्या अंगावर मोजपट्टी लावून बघत होते की गोरेपणाची हद्द किती ताणता येईल. एड्रियन बर्गोस या इतिहासकारानं हा धागा बारकाईनं उलगडला आहे, आणि तो समजल्याशिवाय १९४७ समजत नाही. ही हद्द ताणण्यामागे उदारपणा नव्हता, पैसा होता. वॉशिंग्टन सेनेटर्सचा मालक क्लार्क ग्रिफिथ याच्यासाठी जो कँब्रिया नावाच्या दलालानं १९३० आणि ४० च्या दशकांत क्यूबातून शेकडो तरुण करारबद्ध केले, कारण ते स्वस्तात मिळत. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकी खेळाडू सैन्यात गेले तेव्हा या परदेशी खेळाडूंचा उपयोग आणखी वाढला. स्वस्त, तरुण आणि आपल्या अटींवर खेळणारा माणूस समुद्रापलीकडून आणायचा, हा रिवाज तेव्हाच पडला.

१९४७ नंतर काळ्या लॅटिनोंना प्रवेश मिळाला, पण दुहेरी ओझं घेऊन. मिनी मिन्योसो १९४९ मध्ये क्लीव्हलंडकडून आणि १९५१ मध्ये शिकागो व्हाइट सॉक्सचा पहिला काळा खेळाडू म्हणून उतरला. दक्षिणेतल्या हॉटेलात त्याला काळा म्हणून जागा नव्हती, आणि त्याची बोली क्यूबन असल्यामुळे संघातल्या कृष्णवर्णीय अमेरिकनांपेक्षाही तो एकटा पडायचा. हॉल ऑफ फेमसाठी त्याची निवड झाली ती २०२१ च्या डिसेंबरात, मृत्यूनंतर सहा वर्षांनी. सॅन फ्रान्सिस्को जायंट्सचा मॅनेजर आल्विन डार्क यानं तर ड्रेसिंग रूममध्ये स्पॅनिश बोलायलाच बंदी केली होती. त्या संघात हुआन मारिचाल, ओर्लांदो सेपेदा आणि अलू भाऊ असे तेव्हाचे उत्तमातले उत्तम लॅटिनो खेळाडू होते. फेलिपे अलूनं १९६३ मध्ये 'स्पोर्ट' मासिकात लेख लिहून लॅटिनो खेळाडूंच्या हक्कांची मागणी छापील स्वरूपात मांडली. करार एकतर्फी रद्द होऊ शकत असताना हे लिहिणं सोपं नव्हतं.

क्लेमेंटेकडे या संदर्भात पाहिलं पाहिजे. पोर्तो रिकोच्या कारोलिना गावचा हा मुलगा १९५५ मध्ये पिट्सबर्ग पायरेट्सकडून खेळू लागला. पत्रकार आणि खेळाडूंची चित्रं छापणाऱ्या कंपन्या त्याला 'बॉब' म्हणत, तो रॉबर्टो असं सुधारून सांगत राहिला. त्याचं इंग्रजी उच्चारांसकट वेडंवाकडं छापलं जाई, वाचणाऱ्यानं हसावं म्हणून. दुखापत झाली म्हणाला तर ढोंगी ठरे. १९६० मध्ये पायरेट्सनं वर्ल्ड सिरीज जिंकली, सातही सामन्यांत त्यानं हिट मारले, पण लीगच्या सर्वोत्तम खेळाडूच्या मतदानात तो आठवा आला आणि ते त्याच्या मनाला फार लागलं. १९६९ च्या डिसेंबरात खेळाडू संघटनेची बैठक पोर्तो रिकोत, सान हुआनला झाली. खेळाडूला मालकाची जंगम मालमत्ता समजणाऱ्या नियमाविरुद्ध न्यायालयात जाण्यासाठी कर्ट फ्लड या खेळाडूनं तिथे पाठिंबा मागितला, आणि पायरेट्सचा प्रतिनिधी म्हणून क्लेमेंटे त्याच्या बाजूनं उभा राहिला. १ सप्टेंबर १९७१ ला त्याच्या संघानं मेजर लीगच्या इतिहासात प्रथमच नऊच्या नऊ कृष्णवर्णीय आणि लॅटिनो खेळाडू उतरवले. त्याच वर्षी वर्ल्ड सिरीजचा सर्वोत्तम खेळाडू ठरल्यावर थेट प्रक्षेपणात त्याच्यासमोर मायक्रोफोन आला. इंग्रजीत बोलण्याआधी तो स्पॅनिशमध्ये बोलला आणि आईवडिलांचा आशीर्वाद मागितला. ज्या भाषेची सोळा वर्षं टिंगल झाली तीच भाषा त्या दिवशी अमेरिकेतल्या घराघरांत त्याच्या तोंडून ऐकू आली, आणि तिला कुणी वेडीवाकडी करू शकलं नाही. पुढच्या वर्षी त्यानं कारकिर्दीतला ३,००० वा हिट मारला. ३१ डिसेंबर १९७२ ला निकाराग्वातल्या भूकंपग्रस्तांसाठी मदत नेताना त्याचं विमान समुद्रात कोसळलं. पाच वर्षं थांबण्याचा नियम बाजूला ठेवून १९७३ मध्ये त्याला हॉल ऑफ फेममध्ये घेतलं गेलं. मरणानंतर त्याला संत केलं गेलं. माझ्या मते त्या संतपणाखाली त्याचं भांडण झाकलं जातं, आणि त्याच्या आयुष्यात ते भांडणच जास्त मोलाचं होतं.

इथे एक रास्त आक्षेप येतो. क्यूबन, डोमिनिकन, पोर्तो रिकन आणि अमेरिकेत पिढ्यान्‌पिढ्या राहणारे मेक्सिकन वंशाचे लोक यांना 'लॅटिनो' या एका मोळीत बांधायचं कशासाठी? पोर्तो रिकोचे लोक १९१७ पासून अमेरिकी नागरिक आहेत, आणि टेक्सास-कॅलिफोर्नियातल्या अनेक कुटुंबांच्या अंगावरून तर सीमाच सरकली. आक्षेप खरा आहे आणि माझ्या मुद्द्याला तो बळच देतो, कारण या गटांच्या वाटा वेगळ्या होत्या म्हणूनच त्यांचे खेळ वेगळे झाले. मेक्सिकन-अमेरिकनांना दलाल शोधत आले नाहीत. त्यांनी संत्र्यांच्या बागा, खाणी आणि रेल्वेच्या वस्त्यांत स्वतःचे संघ उभे केले. रविवारचा सामना ही तिथे गावसभाच असे, आणि मजुरांची एकजूटही तिथेच बांधली जाई. मोठ्या मैदानावर पोहोचायचं तर ओळख झाकणं सोयीचं होतं. टेड विल्यम्स हा बेसबॉलमधला कदाचित सर्वश्रेष्ठ बॅटर. १९४१ मधली त्याची .४०६ ची सरासरी, नीग्रो लीग वगळता, मेजर लीगमध्ये आजवर कुणाला पुन्हा गाठता आलेली नाही. त्याची आई मेक्सिकन वंशाची होती. आईचं आडनाव लावलं असतं तर त्या काळच्या पूर्वग्रहांमुळे आपल्याला त्रास झाला असता, असं त्यानं पुढे आत्मचरित्रात लिहिलं. त्याला आज लॅटिनो यादीत घालावं की नाही यावर वाद घालण्यापेक्षा, एवढ्या मोठ्या खेळाडूला ते सांगावंसं का वाटलं नाही, हे पाहणं जास्त बोलकं आहे.

लॉस एंजेलिसमधली चावेझ रॅव्हिनची गोष्टही इथलीच. शहराच्या मध्याजवळच्या टेकड्यांवर मेक्सिकन-अमेरिकन कुटुंबांच्या तीन वस्त्या होत्या. १९५० च्या दशकात सरकारी घरं बांधण्याच्या नावाखाली त्या रिकाम्या केल्या गेल्या, घरांची योजना रद्द झाली आणि जागा ब्रुकलिनहून आलेल्या डॉजर्सना मिळाली. १९५९ च्या मे महिन्यात शेवटच्या कुटुंबांना पोलिसांनी घराबाहेर काढलं. १९६२ मध्ये तिथे स्टेडियम उभं राहिलं, पण मेक्सिकन समाजातल्या कित्येकांच्या मनात त्या जागेबद्दल राग राहिला. १९८१ मध्ये सोनोरातल्या एका खेड्यातल्या शेतकरी कुटुंबाचा बारावा मुलगा, वीस वर्षांचा फर्नांडो व्हॅलेन्झुएला, हंगामाच्या पहिल्याच सामन्यात तिथे पिचिंगला उभा राहिला. त्यानं सलग आठ सामने जिंकले, त्यांतल्या पाचांत प्रतिस्पर्ध्याला एकही धाव मिळाली नाही. नवोदिताचा पुरस्कार आणि सर्वोत्तम पिचरचा साय यंग पुरस्कार एकाच वर्षी मिळवणारा तो पहिला. गोलसर अंगाचा आणि चेंडू टाकताना आकाशाकडे बघणारा हा मुलगा आपल्यातला आहे, असं ज्यांना वाटलं ती माणसं सहकुटुंब स्टेडियममध्ये येऊ लागली. १९५९ पासून डॉजर्सचं स्पॅनिश समालोचन करणारे हाइमे हारीन पत्रकार परिषदांत त्याचे दुभाषे झाले. त्यानं जुनी जखम भरून काढली असं म्हणणाऱ्यांशी मी सहमत नाही, कारण उठवलेल्या घरांचा हिशेब पिचिंगनं चुकता होत नाही. मात्र लॅटिनो प्रेक्षक हा तिकीट काढणारा, घरचा प्रेक्षक आहे, हे क्लबांना त्याच्यामुळे कळलं.

बाकीच्या खेळांकडे याच दृष्टीनं पाहिलं की विखुरलेली नावं जुळतात. बॉक्सिंगला कॉलेज लागत नाही, वस्तीतली एक तालीम पुरते, म्हणून तिथे लॅटिनो परंपरा अखंड आहे. दे ला होयानं १९९२ मध्ये बार्सिलोनाला सुवर्णपदक जिंकल्यावर अमेरिका आणि मेक्सिको दोन्हींचे झेंडे हातात घेतले होते. गोल्फमध्ये ली ट्रेव्हिनो कॅडीच्या कामातून वर आला. लॉस एंजेलिसच्या पांचो गोन्झालेसला शाळा चुकवतो म्हणून टेनिसच्या किशोर स्पर्धांतून दूर ठेवलं गेलं, तरी त्यानं १९४८ आणि १९४९ मध्ये अमेरिकेचं विजेतेपद मिळवलं. अमेरिकन फुटबॉलची वाट हायस्कूल आणि कॉलेजातूनच जाते. चांगल्या शाळांपासून लांब ठेवलेल्या समाजाला ती अरुंद पडली. शेतमजुरांच्या घरातला टॉम फ्लोरेस १९६० मध्ये रेडर्सचा क्वार्टरबॅक झाला आणि पुढे प्रशिक्षक म्हणून त्यानं दोन सुपर बोल जिंकले. दोन्हींत त्याचा क्वार्टरबॅक होता जिम प्लंकेट, अंध मेक्सिकन-अमेरिकन आईवडिलांचा मुलगा. तरी फ्लोरेसला फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये जागा मिळायला २०२१ उजाडलं. या खेळात लॅटिनो एका जागेवर वारंवार दिसले ती म्हणजे किकरची, कारण सॉकर खेळत वाढलेल्या मुलासाठी तेवढी खिडकी उघडी होती. मुलींना तर बेसबॉलच्या दलालांची वाट कधीच नव्हती. रोझी कासाल्स १९७० मध्ये टेनिसमधल्या, पुरुषांपेक्षा कमी मिळणाऱ्या पैशांविरुद्ध बंड करणाऱ्या नऊ जणींत होती. नॅन्सी लोपेझनं गोल्फमध्ये १९७८ च्या पहिल्या पूर्ण हंगामात नऊ स्पर्धा जिंकल्या. लिसा फर्नांडेझनं सॉफ्टबॉलमध्ये तीन ऑलिंपिक सुवर्णपदकं मिळवली. शिक्षणसंस्थांत मुलींना समान संधी देणारा १९७२ चा कायदा नसता तर लिसासारख्यांचं पुढे काय झालं असतं, हा प्रश्न विचारण्यासारखा आहे.

संस्कृतीवाल्यांना याहून नेमकं उत्तर पोर्तो रिको देतं. तिथले खेळाडू पूर्वी मोकळेपणानं करारबद्ध होत. रॉबर्टो अलोमार, बर्नी विल्यम्स, हुआन गोन्झालेस आणि इव्हान रॉड्रिगेझ हे चौघेही १९८० च्या दशकात सोळा-सतरा वर्षांच्या वयात असेच घेतले गेले. १९९० पासून पोर्तो रिको अमेरिकेच्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे क्लबांनी पाळीपाळीनं नवे खेळाडू निवडण्याच्या पद्धतीत, आलं. आता मुलाला हायस्कूल संपेपर्यंत थांबावं लागे, आणि ज्या क्लबनं त्याला लहानपणापासून घडवलं त्यालाच तो मिळेल याची खात्री उरली नाही. क्लबांनी आपला पैसा ड्राफ्टबाहेरच्या डोमिनिकन रिपब्लिककडे वळवला आणि पोर्तो रिकन खेळाडूंचा ओघ आटला. बास्केटबॉलची ओढ आणि बेटाची ढासळती अर्थव्यवस्था हीही कारणं होती, हे मान्य. कार्लोस कोरेया २०१२ मध्ये ड्राफ्टमध्ये पहिला निवडला गेला, हेही खरं. पण तो बेटावरच्या बेसबॉल शाळेतून आला होता, आणि त्याच पिढीतले फ्रान्सिस्को लिंडोर आणि हाविएर बाएझ फ्लोरिडाच्या हायस्कुलांतून निवडले गेले. नियम बदलला तशी वाट बदलली. माणसं आणि त्यांची आवड तीच होती.

डोमिनिकन रिपब्लिकमधलं सान पेद्रो दे माकोरीस हे साखर कारखान्यांचं गाव. ऊस तोडायला इंग्रजी बोलणाऱ्या बेटांवरून आलेल्या मजुरांनी तिथे क्रिकेट आणलं होतं. त्यांची मुलं-नातवंडं बेसबॉलकडे वळली आणि त्या एका गावानं मेजर लीगला खेळाडूंची रांग दिली. आज तीसही क्लबांच्या अकादम्या या देशात आहेत. मुलाला सोळाव्या वर्षी करार करता येतो, तोंडी बोलणी मात्र बारा-तेराव्या वर्षीच ठरतात. त्याला घडवणारा 'बुस्कोन', म्हणजे स्थानिक प्रशिक्षक-दलाल, करारातला मोठा वाटा घेतो. यावर सर्वांत वजनदार प्रतिवाद असा की याच व्यवस्थेतून हुआन सोतो आला आणि डिसेंबर २०२४ मध्ये त्यानं न्यूयॉर्क मेट्सशी पंधरा वर्षांसाठी ७६ कोटी ५० लाख डॉलरचा करार केला. गरीब घरातल्या मुलाला एवढी संधी दुसरीकडे कुठे आहे? संधी खरी आहे आणि ती हिरावून घ्यावी असं मी म्हणणार नाही. पण करार केलेल्यांतले बहुतेक मेजर लीगपर्यंत पोहोचत नाहीत, आणि शाळा सोडलेली असल्यामुळे विशीत परतणाऱ्यांच्या हाती दुसरं काही नसतं. अमेरिकेतला अठरा वर्षांचा ड्राफ्टमधला मुलगा कॉलेजात जाण्याचा पर्याय दाखवून भाव वाढवून घेऊ शकतो, सोळा वर्षांच्या डोमिनिकन मुलाला ती सोय नाही. २०२३ मध्ये खालच्या लीगच्या खेळाडूंना प्रथमच संघटनेचा करार मिळाला, त्यातूनही डोमिनिकन समर लीगमधले खेळाडू वगळले गेले. सोतोचं यश व्यवस्थेच्या न्यायाचा पुरावा मानायचं, तर या मुलांचाही त्याच हिशेबात समावेश करावा लागेल.

मैदानाबाहेरच्या खुर्च्यांचा इतिहास आणखी सावकाश सरकला. फेलिपे अलू १९९२ मध्ये माँट्रियल एक्स्पोजचा मॅनेजर झाला. २००२ मध्ये ओमार मिनाया पहिला लॅटिनो जनरल मॅनेजर, २००३ मध्ये आर्ते मोरेनो संघ विकत घेणारा मेक्सिकन वंशाचा पहिला मालक, आणि २००५ मध्ये ओझी गियेन वर्ल्ड सिरीज जिंकणारा पहिला लॅटिनो मॅनेजर. जपानी खेळाडूंना क्लब आपणहून दुभाषे देत असताना, स्पॅनिश बोलणाऱ्या शेकडो खेळाडूंसाठी प्रत्येक संघानं पूर्णवेळ दुभाषा ठेवावा हा नियम यायला २०१६ साल लागलं, आणि त्यासाठी कार्लोस बेल्त्रानसारख्या खेळाडूंना पाठपुरावा करावा लागला. इंग्रजी शिकणं ही खेळाडूची स्वतःची जबाबदारी आहे, असं म्हणणारे अजून भेटतात. सोळाव्या वर्षी शाळेतून उचललेल्या मुलाबद्दल असं म्हणताना, त्याला शाळेतून कुणी आणि कशासाठी उचललं, हे आधी सांगावं लागेल. २०१९ मध्ये पनामाचा मारियानो रिव्हेरा शंभर टक्के मतांनी हॉल ऑफ फेममध्ये गेला. असा मान त्याआधी कुणालाच मिळाला नव्हता, आणि मेंदेसला दाराबाहेर ठेवणाऱ्या खेळासाठी ही मोठीच मजल आहे.

परदेशी खेळाडूंसाठीही ड्राफ्ट असावा की नाही, हा आजचा वाद आहे. मालकांना तो हवा आहे आणि बालवयातले सौदे त्यानं थांबतील असं ते म्हणतात. खेळाडू संघटनेला भीती आहे की मुलांचा आधीच कमी असलेला भाव त्यानं आणखी पडेल. जुलै २०२२ च्या मुदतीत दोघांचं जमलं नाही, आणि चालू सामूहिक करार १ डिसेंबर २०२६ ला संपतो. पोर्तो रिकोत काय घडलं हे पाहिल्यावर, शिक्षणाची सोय आणि बेटावरच्या शाळा-मैदानांसाठी क्लबांकडून ठरावीक निधी यांच्याशिवाय आणलेला ड्राफ्ट मला मान्य होण्यासारखा वाटत नाही. आजची व्यवस्था जशीच्या तशी चालू ठेवण्यालाही माझा पाठिंबा नाही. वाटाघाटीच्या टेबलावर दोन्ही बाजूंना प्रौढ माणसं आहेत. ज्यांच्या वयाबद्दल आणि किमतीबद्दल ती बोलणार आहेत, त्या सान पेद्रो, बानी अशा डोमिनिकन गावांतल्या मुलांच्या वतीनं बोलायला तिथे अजून कुणाची नेमणूक झालेली नाही.